अपुरं नाही हमीदभाई, चूक

हमीदभाई, गेलेल्या माणसावर रागावू नये म्हणतात. हे ज्यानं कोणी ठरवलं त्याची तुमच्याशी ओळख नसणार. तुम्हाला कब्रस्तानात ठेवून माणसं परतली त्या दिवशी बाजाराच्या गल्लीतली दुकानं आपणहून बंद राहिली, देवराव पाटील भर रस्त्यात रडले, आणि मी घरात भांडी आपटत बसले. सून म्हणाली, "आई, किती आपटून राह्यल्या. बसा जरासक." तिला वाटलं दुःखानं आपटते. दुःख होतंच, नाही कशाला म्हणू, पण भांडी रागानं आपटत होते.

राग कशाचा ते तुम्हाला माहीत आहे. अख्ख्या गावाला माहीत आहे. एक शब्द तुमच्याकडून यायचा होता. किती वर्षं मी तो मागितला, कधी भांडून, कधी हसून, कधी नुसतं तोंड फिरवून. तुम्ही तो न देता निघून गेलात. आता मी तो कोणाकडे मागायचा?

हमीदभाई कोण होते, असं बाहेरच्या माणसानं विचारलं तर सांगायला सोपं आहे. मन्यार. गावात बांगड्यांचं दुकान, केनवडच्या बाजारात पाल. आसपासच्या गावांतल्या बायकांचे हात त्यांनी भरले. पण मिळवणी म्हणजे काय, असं कोणी विचारलं की माझी पंचाईत होते. पंथ आहे का? नाही. देव? नाही. पोथी, गुरू, जत्रा? काहीच नाही. मग आहे तरी काय? तर शुक्रवारी नमाज झाली की तुमच्या दुकानामागच्या खोलीत आम्ही दहाबारा जण आपापलं बसायचं बस्कर टाकून बसायचो आणि गावातल्या एखाद्या गोष्टीवर भांडायचो. ऐकणाऱ्याला वाटतं मी थट्टा करते.

ही मिळवणी सुरू कोणी केली यावरही भांडण. मोमीनपुऱ्यात म्हणतात, एका फकिरानं. कोष्टी म्हणतात, आमच्या पणज्यानं, मागावर बसल्या बसल्या. आमच्या वस्तीतल्या म्हाताऱ्या सांगायच्या की आमच्यातल्याच एका बाईनं. तिला कोणी ओसरीवर चढू देत नव्हतं, म्हणून तिनं उघड्यावर माणसं गोळा केली. तुम्हाला विचारलं की तुम्ही दाढीवरून हात फिरवायचात आणि म्हणायचात, "तिन्ही बरोबर हाय." मी म्हणायचे, "भाई, तिघाइपैकी एकानंच पह्यलं बस्कर टाकलं असंल नं?" तर उत्तर तयार. "पह्यलं कोन बसलं ते काहून पाह्यता सिस्टर? दुसरं येऊन बसलं तवा बैठक झाली." याच्यावर माणसानं काय बोलावं?

चहाचीही तीच गत. देवरावांना चहा गोड लागायचा, कोष्ट्याच्या गणपतला फिका, मला आल्याचा, आणखी कोणाला आलं चालायचं नाही. रजियाभाभी बिचाऱ्या म्हणायच्या, दोन भांडी ठेवते. तुम्ही ऐकायचा नाहीत. सगळ्यांचं मिळवून एकच चहा करायला लावायचात आणि तो कोणालाच आवडायचा नाही. सगळे मुकाट्यानं प्यायचे. त्या चहात तुमचं अर्धं तत्त्वज्ञान होतं, असं मी तुम्हाला तोंडावर सांगितलं होतं आणि तुम्ही पोट धरून हसला होता.

उरलेलं अर्धं एका वाक्यात. कोणाचंच खोटं नसते, अपुरं असते. माणूस आपल्या जागेवरून पाहतो, त्याला तेवढंच दिसतं. सगळ्यांचं पाहिलेलं जोडलं की खरं काय ते हाती येतं. म्हणून बैठकीत 'खोटं' म्हणायला बंदी. 'चूक' म्हणायलाही. ज्याच्या तोंडून असा शब्द निघेल त्यानं उठायचं, हापशीवरून घागर आणायची आणि खोलीतला माठ भरायचा. तुमचा माठ वर्षानुवर्षं माझ्या जिवावर भरला. "सिस्टर आल्या की पान्याची चिंता नाई," असं तुम्ही येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचात.

दुसरा नियम पालटाचा. आपलं बोलून झालं की ज्याच्याशी वाद आहे त्याच्या बस्करावर जाऊन बसायचं आणि त्याच्या बाजूनं बोलायचं, तोच होऊन, 'मी' म्हणून. त्यानंही उठून दुसऱ्याची जागा घ्यायची. आणि एकदा पालट झाला की त्या दिवशी आपल्या जागेवर परत यायचं नाही. तिथूनच घरी जायचं, म्हणजे ती जागा अंगाला लागून राहते, असं तुमचं म्हणणं.

मी सासरच्या या गावी उपकेंद्रावर नर्स म्हणून लागले तेव्हा मला हा सगळा रिकामटेकड्यांचा उद्योग वाटला होता. मग पोलिओच्या डोसाचं झालं. मोहल्ल्यातली एक बाई, शबाना, दार उघडेना. मी दारात उभी राहून ओरडले, समजावलं, धमकावलं. तुम्ही बांगड्यांची पेटी घेऊन समोरून चालला होता. थांबलात आणि म्हणालात, "सिस्टर, तुमी दाराच्या भायेर हाय. जरा तिच्या जागेवर बसून तं पाहा." मी फणकारले, "मले आत घेतलं तं बसीन नं!" त्या शुक्रवारी तुम्ही मला बैठकीला नेलंत, एका रिकाम्या बस्करावर बसवलंत आणि म्हणालात, आता तुमी शबाना. मी चिडत चिडत सुरुवात केली. बोलता बोलता माझ्याच तोंडून निघालं, "बाळंतपनाच्या टायमाले दवाखान्यात सगळे माह्यावर खेकसले. आज तेच लोक फुकटचं औषध घेऊन माह्या दारात काहून उभे हाय?" दुसऱ्या दिवशी मी औषधाचा डबा न घेता तिच्या घरी गेले, चहा घेतला, तिच्या बाळंतपणाची सगळी कथा ऐकली. पुढच्या फेरीला तिनं दार उघडलं. नोकरीत मला शिकवणारे पुष्कळ होते, पण हे तुम्ही शिकवलंत. ते उपकार मी विसरलेली नाही आणि म्हणूनच राग जास्त येतो.

आता वाटेचं सांगते. तुम्ही हजारदा ऐकलं आहे, पण आता तुम्हाला मधे बोलता येणार नाही, एवढा एक फायदा.

आमच्या बौद्धवाड्याची स्मशानभूमी नाल्याच्या पलीकडे. उन्हाळ्यात नाला कोरडा, चालत जाता येतं. पावसाळ्यात मयत पाण्यातून न्यावी लागते. देवराव पाटलांच्या वावरातून धुऱ्याधुऱ्यानं, म्हणजे बांधावरून, गेलं तर नाल्याचं वळण टळतं, पाण्यात उतरावंच लागत नाही, पण ती वाट त्यांच्या बापानं दिली नव्हती आणि त्यांनीही नाही. माझे सासरे गेले ते पोळ्याच्या आसपास. पाणी छातीला होतं. तिरडी डोक्यावर धरून माणसं उतरली, मधेच एकाचा पाय घसरला आणि सासऱ्यांचा हात सुटून पाण्यात लोंबला. माझ्या नवऱ्यानं तो हात हातात धरून त्यांना पलीकडे नेलं. त्या आठवड्यात मी विषय बैठकीत आणला.

देवराव बैठकीतलेच. माणूस वाईट नाही, मी आजही वाईट म्हणत नाही. त्या दिवशी त्यांच्याकडे धड मुद्दाही नव्हता. "माया बापानं देल्ली नाई, मी कायले देऊ?" एवढंच पुन्हा पुन्हा म्हणत होते आणि स्वतःच शरमत होते. अजून एखादा शुक्रवार गेला असता तर त्यांनी हो म्हटलं असतं. हे खोलीतल्या सगळ्यांना दिसत होतं. तुम्हालाही दिसत होतं, भाई.

पण तुम्हाला त्यांची कीव आली. माणूस अडखळतो, त्याची बाजू नीट मांडली जात नाही, मग मिळवणी कशी होणार! तुम्ही उठलात आणि त्यांच्या घोंगडीच्या बस्करावर जाऊन बसलात. ते तुमच्या पोत्याच्या बस्करावर आले. "मी देवराव," तुम्ही म्हणालात. "मी वाट नाई म्हनत नाई. पन मी वाट देल्ली तं काय होईन? सरकार म्हनीन, याइले रस्ता हाय. मंग नाल्यावर पूल कोन बांधीन? आज मी वाट देल्ली अन् उद्या माया पोरानं बंद केली, तं ना वाट ना पूल. म्हनून मी नाई म्हनतो ते याइच्याच भल्यासाठी. हक्काचा पूल मागा. मी तुमच्यासंगं येतो!"

काय बोललात! मीसुद्धा क्षणभर मान हलवली. नव्या नमुन्याच्या बांगड्या आल्यावर तुमचा चेहरा खुलायचा तसा खुलला होता. देवराव मात्र तुमच्या पोत्यावर बसून हळूहळू ओठ हलवत होते. पाठ करत होते. ते मी पाहिलं.

आमच्या वस्तीच्या अर्जावरून तालुक्याचे साहेब जागा पाहायला आले तेव्हा देवरावांनी ते जसंच्या तसं म्हणून दाखवलं. तुमचे शब्द, तुमच्या थांबण्याच्या जागा, 'हक्काचा पूल' म्हणताना तुम्ही हात वर केला होता तोसुद्धा. साहेब खूश. इतका समजूतदार पाटील त्यांनी पाहिला नसावा. पुलाचं लिहून घेतलं, वाटेचा अर्ज निकाली काढला, देवरावांच्या घरी चहा घेतला आणि गेले. पूल आला नाही. नाला आहे तिथंच आहे.

मिळवणीबाहेरचा माणूस अशी चूक करूच शकला नसता. त्याला समोरच्याची बाजू इतकी चांगली आलीच नसती. आपल्या पायावर धोंडा पाडून घेणारे पुष्कळ पाहिले, तुम्ही तो आमच्या पायावर पाडलात आणि वर त्याला ज्ञान म्हणालात.

त्या संध्याकाळी तुम्ही घरी आलात. मी ओट्यावर डाळ निवडत होते. बसा म्हटलं नाही. "सिस्टर, माही मांडनी अपुरी पडली," तुम्ही म्हणालात.

"अपुरी नाई भाई. चूक. चुकलो म्हना."

"तसं म्हनता येत नाई नं. देवरावच्या जागेवरून जे दिसलं ते सांगतलं. दिसनं काई चूक नाई."

"माठ भराचं भेव वाटते काय? तुमच्या वाटची घागर मी आनतो. एकदा म्हना."

तुम्ही हसलात. त्या हसण्याचा मला अजून संताप येतो. मी विनोद केला नव्हता.

तिथून आपला वाद लागला तो लागलाच. मी म्हणायचे, मिळवणी बरोबरीच्या माणसांत होते. एकाचं वावर अन् एकाची मयत, याची काय मिळवणी? तुम्ही म्हणायचात, "बैठकीत सगळ्यायचं बस्कर जमिनीवरच हाय नं सिस्टर, कोनाचं उंच हाय?" मी म्हणायचे, "हाव, खोलीत हाय. खोलीच्या भायेरची जमीन देवरावची हाय." मग तुम्ही चहा मागवायचात, तोच, कोणालाच न आवडणारा. मी विचारायचे, हे सगळ्यायचं झालं, तुमचं सोताचं मत काय? त्यावर एकदाही सरळ उत्तर मिळालं नाही. शंभर जणांच्या जागेवर बसून आलेला माणूस आपल्या जागेवर कधी सापडायचाच नाही.

माझा नवरा गेला तोही पावसाळ्यात. आमच्या घरच्या माणसांना मरायला दुसरा महिना सुचत नाही. तुम्ही खांदा दिलात. लोक नको नको म्हणत असताना त्या वयात पाण्यात उतरलात, पलीकडे गेलात, परत आलात. मी अलीकडच्या काठावर उभी होते. तुमचे कपडे निथळत होते, दात वाजत होते. मला वाटलं, आता म्हणतील. आता तरी म्हणतील. तुम्ही म्हणालात, "जपा सिस्टर." आणि घरी गेलात.

काही दिवसांनी मात्र पेटी घेऊन दारात उभे. माझे हात मोकळे होते. आमच्या धम्मात असलं काही नाही, ते मला कोणी शिकवायला नको. पण गावच्या बायकांच्या नजरांना कोण धम्म समजावणार? कटकट नको म्हणून मीच बांगड्या काढून ठेवल्या होत्या. "हात द्या," तुम्ही म्हणालात. मी म्हटलं, "भाई, याच्यावर बी दोन बाजू असतीन. पह्यले बैठकीत घ्या."

"ऐकल्या सगळ्यायच्या. मस्जिदीपासून पारापर्यंत. हात द्या."

निळ्या काचेच्या होत्या. एकही फुटली नाही, कुठं टोचलं नाही. शेजारणी दारातून पाहत होत्या, त्यांच्याकडे तुम्ही वळूनही पाहिलं नाही. पैसे घेतले नाहीत, भाभीसाठी दिलेली मेथीची जुडी तेवढी घेतलीत. तुम्ही गेल्यावर मी पुन्हा पुन्हा हात हलवून बांगड्या वाजवून पाहिल्या. आनंद झाला होता, आणि आनंदाच्या मागोमाग हा प्रश्न आला. तो मी तुम्हाला कधी विचारला नाही, आज विचारते. माझ्या हातांसाठी तुम्हाला बाजू घेता आली. सगळ्यांचं ऐकून झाल्यावर आपलं करता आलं. मग वाटेसाठी काहून नाही?

मला वाटतं, एकट्या माणसाचं दुःख तुम्हाला लगेच दिसायचं. दोघं समोर आली की तुम्ही धावत त्यांच्या मधे जाऊन बसायचात, कोणीच दुखावू नये म्हणून. पण ती मधली जागाही कोणाच्या तरी वावरातच असते भाई. बहुतेक वेळा ज्याचं वावर मोठं त्याच्या.

आणि मग तुम्ही गेलात. भाभीनं निरोप पाठवला, मी धावत आले, नाडी पाहिली, भाभीकडे पाहिलं. पुढचं तुम्हाला माहीत नाही, म्हणून सांगते.

तुमच्या बैठकीत निरोपाचाही पालट असतो. बैठकीतलं माणूस गेलं की त्याचा ज्याच्याशी सगळ्यांत मोठा वाद होता त्यानं गेलेल्याच्या बस्करावर बसायचं आणि त्याच्या बाजूनं शेवटचं बोलायचं. म्हणजे कोणी, हे सांगायला नकोच. सगळ्यांनी एकदम माझ्याकडे पाहिलं. मी नाही म्हटलं, भांडले. गणपत म्हणाला, "भाई असते तं त्यायनं हेच सांगतलं असतं." घ्या. तुम्ही असताना मला कोणी गप्प करू शकलं नाही, आता तुमच्या नावानं करतात.

शुक्रवारी जाताना मात्र माझ्या मनात वेगळंच आलं. तुमच्या जागेवर बसल्यावर मला हवं ते तुमच्या तोंडून वदवता येणार होतं. मी हमीद, मी चुकलो. कोण अडवणार होतं? गल्लीच्या कोपऱ्यापर्यंत मी त्या विचारात खूश होते. मग लाज वाटली. दटावून घेतलेली माफी एक वेळ चालेल, पण स्वतःच लिहून स्वतःच वाचलेली काय कामाची? ठरवलं, तुम्ही जे म्हणाला असता तेच म्हणायचं.

खोलीत सगळे आले होते. भाभी आतल्या दाराच्या पडद्यामागं होत्या. तुमच्या पोत्यावर मी बसले. माझ्या गोधडीच्या बस्करावर मी म्हणून कोणी बसायचं, असा प्रश्न आला तेव्हा देवराव उठले. "वाद मायामुळंच झाल्ता," म्हणाले. म्हणजे हमीदभाई मी, आणि मी देवराव पाटील. हे तुमचं तत्त्वज्ञान!

मी तुमच्यासारखी सुरुवात केली. "माही मांडनी अपुरी पडली सिस्टर. पन त्या जागेवरून जे दिसलं..."

देवरावांनी मला पुरं करू दिलं नाही. "भाई, माया सासऱ्याचा हात पान्यात लोंबला होता," ते म्हणाले. "माया मालकानं तो धरून नेला. मंग मालकाले बी तसंच नेलं. तुमी सोता पान्यात होते. तुमी देवरावची बाजू मांडली, माही कोन मांडली? मी बाई मानूस, काठावर उभी राहून पाह्यत होतो. मले कसं वाटलं असंल?" एवढा मोठा मिशांचा माणूस माझ्या गोधडीवर बसून 'माया सासऱ्याचा हात' म्हणत होता. मी तो हात कितीदा सांगितला होता आणि दर वेळी ते छताकडे पाहायचे. ऐकत होते म्हणजे.

आणि माझ्या तोंडून निघालं, "चुकलो सिस्टर."

मी ठरवलं नव्हतं भाई, शपथ. समोरून ते आलं आणि माझ्याकडे दुसरं उत्तरच नव्हतं. पण आता मला सांगा, हे कोण बोललं? तुम्ही? मग जिवंतपणी काय धाड भरली होती? मी? मग माझी माफी मीच मागितली. आणि एवढ्यावर थांबलं नाही. देवरावांनी उपरण्यानं डोळे पुसले, माझ्या जागेवरून हात जोडले आणि म्हणाले, "जाऊ द्या भाई. झालं गेलं. म्या माफ केलं."

म्या माफ केलं! देवराव पाटलानं! माझ्या वतीनं! वाट ज्यांनी अडवली त्यांनी, ज्यांच्यामुळं अडली त्यांना, माझ्याच गोधडीवर बसून माफ करून टाकलं. आणि खोलीतली शहाणी माणसं डोळे पुसायला लागली. कोणी तरी पुटपुटलं, "मिळवनी झाली." माझी तळपायाची आग मस्तकात गेली. मी उठले आणि सरळ देवरावांपुढं जाऊन उभी राहिले.

"उठा देवराव. ही माही जागा होय."

"सिस्टर, पालट झाला," गणपत म्हणाला. "आता वापस जाता येत नाई."

"खड्ड्यात गेला पालट."

मग पडद्यामागून भाभींचा आवाज आला, रडून बसलेला. "उठा नं देवरावभाऊ. त्यायची जागा हाय ते."

देवराव उठले. मी माझ्या गोधडीवर बसले आणि माझ्या तोंडानं बोलले. "म्या माफ नाई केलं. भाईले बी नाई अन् तुमाले बी नाई. पह्यले वाट द्या. माफीचं मंग पाहू."

देवराव खोलीच्या मधोमध उभे राहिले. त्यांची घोंगडी मोकळी होती, पण पालट झाल्यावर तिथं जायचं नाही, हे त्यांच्या हाडात भिनलेलं. "मंग मी कुठी बसू?" त्यांनी विचारलं. अगदी खरंच विचारलं.

"बसू नोका," मी म्हटलं. "वावरात चाला."

आम्ही गेलो. चपला शोधत, एकमेकांना विचारत सगळी बैठक मागून आली. इतक्या वर्षांत त्या खोलीतून उठून वादाच्या ठिकाणी कोणी गेलं नव्हतं. जागा बदलायच्या त्या खोलीतल्या खोलीत. वावरात सोयाबीन पिवळं पडायला लागलं होतं, धुऱ्याला लागून शेंगा टरारलेल्या. खाली नाला भरून चालला होता. देवराव म्हणाले, "एवढं सोयाबीन निघू द्या, मंग वाट सोडतो काठानं."

"मयत सोयाबीन पाहून येते काय?"

देवरावांनी नाल्याकडे पाहिलं. मग त्यांनी धोतर खोचलं, पिकाच्या तासात उतरले आणि धुऱ्याकडची झाडं उपटायला लागले. उभं पीक, शेंगांनी भरलेलं. जरा वेळानं गणपत उतरला, मग बाकीचे. मी हात लावला नाही. मुद्दाम लावला नाही. धुऱ्यावर उभी राहून तिरडी जाईल एवढी जागा होईपर्यंत पाहत राहिले.

वाट अजून तोंडीच आहे. उद्या तलाठ्याकडे जाऊन लिहून घ्यायची, देवराव येतो म्हणाले आहेत. येतील तेव्हा खरं. त्यांच्या पोरानं सोयाबीनवरून घरात तमाशा केल्याचं कानावर आलं आहे.

आणि मला तुमच्याशी भांडायचं आहे. तुम्ही म्हणणार, पाहा, पालटानंच झालं, देवराव तुमच्या जागेवर बसले म्हणून त्यायले तो हात दिसला. मी म्हणणार, मी नियम मोडला म्हणून झालं. तुम्ही म्हणणार, दोन्ही बरोबर हाय. मी म्हणणार, नाई भाई, या खेपेला एकच बरोबर हाय. यावर तुम्ही काहीतरी असं म्हटलं असतं की मला राग आला असता आणि घरी जाऊन हसू आलं असतं. ते काय, ते मला सुचत नाही. तुमच्या बस्करावर बसून आले तरी सुचत नाही.

माफीचं मग पाहू, असं मी सगळ्यांदेखत म्हटलं आहे. वाट, तोंडी का होईना, झाली, म्हणजे आता पाळी माझी. पण ही तोंडावर करायची गोष्ट आहे हमीदभाई. पडद्याआड, मातीआड केलेली मी धरत नाही. तुम्ही समोर पाहिजे होता.